आना मान्यानी खरंच अभिनय करत नव्हती का?

प्रश्न एका नाट्यशास्त्राच्या विद्यार्थिनीचा आहे. तिला वर्गात सांगितलं गेलं की इटालियन नटी आना मान्यानी ‘अभिनय करतच नव्हती, ती रस्त्यावरची बाई होती आणि पडद्यावर नुसती जगायची’. तिला दोन गोष्टी हव्यात: हे खरं का, आणि ऑस्कर मिळाल्यानंतर मरेपर्यंतच्या 17 वर्षांत या बाईचे इतके थोडे सिनेमे का. मी बरीच वर्षं रसास्वाद शिबिरांत इटालियन सिनेमा शिकवतो आणि अधूनमधून नटांबरोबरही काम करतो. पहिलं विधान मी इतक्यांदा ऐकलंय की आता त्याचा राग येत नाही, कंटाळा येतो. खरं नाही ते. पण तसं का वाटतं हे समजून घेण्यासारखं आहे, आणि दुसऱ्या प्रश्नाचं निम्मं उत्तर त्यातच आहे.

आधी नाव. मॅग्नानी नव्हे, मान्यानी. रोमच्या लोकांसाठी ती ‘नान्नारेल्ला’ होती, आपल्याकडे घरातल्या आनंदीची ‘आनी’ व्हावी तसं. 7 मार्च 1908 ला रोममध्ये जन्म. वडील कधी दिसलेच नाहीत, आई इजिप्तला निघून गेली आणि पोर आजीजवळ वाढली. ‘रस्त्यावरची बाई’ ही दंतकथा इथून सुरू होते. पण याच पोरीने रोममध्ये एलेओनोरा दूझे या थोर इटालियन नटीच्या नावाच्या नाट्यशाळेत रीतसर शिक्षण घेतलं. सिल्व्हिओ दामिको हा त्या काळातला इटलीतला मोठा नाट्यसमीक्षक, तो तिथला गुरू होता. तिथून ती दारिओ निकोदेमी यांच्या फिरत्या नाटक मंडळीत गेली आणि लहानसहान भूमिका करत दौरे केले. म्हणजे तालीम, पाठांतर, आवाजाची फेक, दौऱ्याची शिस्त हे सगळं झालेलं होतं.

तिची खरी शाळा मात्र पुढची. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ती तोतो या अफाट विनोदी नटाबरोबर ‘रिव्हिस्ता’ करत होती. रिव्हिस्ता म्हणजे गाणी, नकला, प्रवेशांचे तुकडे, राजकारणाला मारलेल्या कोपरखळ्या. आपल्या तमाशातली बतावणी डोळ्यांपुढे आणा. लावणी संपते, सोंगाड्या येतो, समोरच्या माणसाला काहीतरी खोचक विचारतो आणि मग संहिता कुठे संपते नि हजरजबाबीपणा कुठे सुरू होतो ते कुणालाच कळत नाही. रिव्हिस्तात तसंच. समोरचा प्रेक्षक पैसे देऊन आलेला, युद्धाने वैतागलेला, मुसोलिनीच्या पोलिसांच्या नजरेखाली बसलेला. तिथे वाक्य अर्धा सेकंद उशिरा पडलं तर हशा गेला. अशा ठिकाणी काही वर्षं काढलेल्या नटीला ‘ती नुसती जगायची’ म्हणणं म्हणजे पट्टीच्या गवयाला ‘त्याचा गळाच तसा’ म्हणून मोकळं होणं.

सिनेमात मात्र तिचं काही जमत नव्हतं. पहिली ठळक नोंद 1934 च्या ‘ला च्येका दी सोर्रेंतो’ची. पुढे दहा वर्षं दुय्यम भूमिका: गाणारी, मोलकरीण, कुणाची तरी ठेवलेली बाई. नवरा गोफ्रेदो अलेस्सांद्रिनी स्वतः यशस्वी दिग्दर्शक, पण त्यालाही तिच्या चेहऱ्यात सिनेमाची नायिका दिसली नाही. त्या काळच्या इटालियन पडद्याला गुळगुळीत, गोऱ्या, पांढऱ्या टेलिफोनवर बोलणाऱ्या नायिका हव्या होत्या. त्या सुखवस्तू प्रेमपटांचं नावच ‘पांढऱ्या टेलिफोनचे सिनेमे’ पडलं. हिच्या डोळ्यांखाली काळं, केस विस्कटलेले, नाक ठसठशीत. 1941 मध्ये व्हित्तोरिओ दे सिका याने ‘तेरेसा व्हेनेर्दी’त तिला रिव्हिस्तातल्याच एका नटीची भूमिका दिली, लोलेत्ता प्रीमा. हा सिनेमा मिळाला तर तिची मोजकी दृश्यं जरूर पाहा. आळसावलेली, चिडकी आणि घड्याळासारखी अचूक. चार वर्षांनी जग जिला ‘शोधणार’ होतं ती तिथे पूर्ण तयार दिसते.

मध्ये एक संधी हुकली. लुकिनो व्हिस्कोंतीला पहिल्या सिनेमात, ‘ओस्सेस्सिओने’त, तीच नायिका म्हणून हवी होती. पण तेव्हा ती गरोदर होती आणि भूमिका क्लारा कालामाईकडे गेली. 1942 च्या शरदात मुलगा झाला, लुका. तो तान्हा असतानाच त्याला पोलिओ झाला. बाईच्या पुढच्या आयुष्यातल्या पैशाच्या घाईकडे आणि कामाच्या निवडीकडे बघताना हे मूल विसरू नये.

आता तिला जगापुढे आणणारा सिनेमा, ‘रोमा, चित्ता आपेर्ता’ (‘रोम, खुलं शहर’). जर्मन फौजा जून 1944 मध्ये रोममधून गेल्या आणि जानेवारी 1945 मध्ये रोबेर्तो रोसेलिनीने चित्रीकरण सुरू केलं. उत्तर इटलीत तेव्हा युद्ध चालूच होतं. फिल्मचे तुकडे मिळतील तिथून आणलेले, आवाज नंतर भरलेला. मान्यानीची पीना ही विधवा, एका मुलाची आई, पोटात दुसरं, आणि त्या दिवशी तिचं फ्रांचेस्कोशी लग्न ठरलेलं. धाड पडते, फ्रांचेस्कोला ट्रकमध्ये कोंबतात. ती सैनिकाच्या हातातून सुटते, ट्रकमागे धावते, ‘फ्रांचेस्को! फ्रांचेस्को!’, गोळी लागते, कोसळते. सिनेमा अर्ध्यावर आलेला असतो आणि आपण जिला नायिका धरून बसलोय ती रस्त्यात पालथी पडलेली असते. शेवटचं वाक्य नाही, मांडीवर डोकं ठेवून निरोप नाही. पीनामागे एक खरी बाई आहे. तेरेसा गुल्लाचे हिला मार्च 1944 मध्ये रोममधल्या लष्करी बराकीसमोर जर्मनांनी गोळी घातली. आत पकडून ठेवलेल्या नवऱ्याला बघायला ती आली होती आणि तीही गरोदर होती.

‘अभिनय नव्हताच’ म्हणणारे हेच दृश्य पुढे करतात. शिवाय एक किस्साही जोडला जातो: प्रियकराशी भांडण झाल्यावर मान्यानी त्याच्या गाडीमागे शिव्या घालत धावली होती आणि ते पाहून पटकथाकार सेर्जो आमिदेईला हे दृश्य सुचलं. किस्सा खरा धरला तरी त्यातून सिद्ध काय होतं? धावणं आयुष्यातून आलं. पण पडद्यावर ते कसं दिसतं बघा. धावताना तिचा उजवा हात वर जातो, तो हात शेवटच्या प्रेक्षकाला दिसावा असा नाट्यगृहातला आहे. हाक दर वेळी एक पट्टी वर चढते. आणि पडताना ती सावरत नाही, नाटकी वळत नाही, कापडाचं गाठोडं टाकावं तशी पडते. शरीरावर एवढा ताबा असल्याशिवाय इतकं ताबा सुटल्यासारखं दिसता येत नाही. मी शिबिरात हे दृश्य आवाज बंद करून दाखवतो, मग नुसता आवाज ऐकवतो. दोन्ही वेळा ते उभं राहतं. एवढ्यावर वाद मिटावा, पण मिटत नाही.

(हा सिनेमा आपल्याकडेही लवकर आला. जानेवारी 1952 मध्ये मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला, त्यात दे सिकाच्या ‘सायकलचोर’ या सिनेमाबरोबर हाही होता.)

1947 मध्ये लुईजी झाम्पाच्या ‘लोनोरेव्होले आंजेलिना’साठी तिला व्हेनिसमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. रोमच्या कडेच्या पिएत्रालातासारख्या वस्तीतली बाई पाणी, रेशन आणि घरांसाठी बायकांचा मोर्चा काढते आणि पुढारी होऊन बसते. आपल्याकडे लाटणं मोर्चा पाहिलेल्या पिढीला हा सिनेमा फार ओळखीचा वाटेल. तो थोडा गोडसर संपतो, असो. पटकथेतही तिचा हात होता.

पुढच्या वर्षी रोसेलिनीने ‘लामोरे’ केला. दोन भाग, दोन्हीत तीच. पहिला फ्रेंच लेखक ज्याँ कोक्तोच्या एकपात्रिकेवरचा: एक बाई, एक खोली, एक टेलिफोन, पलीकडे सोडून चाललेला प्रियकर. आपल्याला त्याचा आवाज ऐकूच येत नाही. अर्धा तास तिचं ऐकणं बघायचं. अभिनय शिकणाऱ्या मुलीला मी दुसरं काही नाही तर एवढं बघ म्हणेन. बोलणं कुणालाही शिकवता येतं. पलीकडून काय आलं ते न ऐकलेल्या प्रेक्षकाला चेहऱ्यावरून कळवणं शिकवता येत नाही, त्याला रंगमंचावर दिवस काढावे लागतात. दुसऱ्या भागात ती एक भोळसट शेळ्या राखणारी, वाटेत भेटलेल्या भटक्याला संत जोसेफ समजते. तो भटक्या म्हणजे केस पिवळे केलेला तरुण फेदेरिको फेलिनी, कथाही त्याचीच. दिवस गेल्यावर गाव तिची टर उडवतं आणि ती एकटी डोंगरावरच्या चर्चमध्ये बाळंत होते. हा भाग न्यूयॉर्कमध्ये धर्मनिंदा म्हणून बंद पाडला गेला, वितरक न्यायालयात गेला आणि मे 1952 मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सिनेमा हे अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या संरक्षणात येणारं माध्यम आहे. 1915 पासूनचा उलटा निकाल मोडला तो या शेळ्या राखणारीमुळे.

रोसेलिनी, हॉलिवूडची तारका इन्ग्रिड बर्गमन आणि ज्वालामुखींची भांडाभांडी यावर पानंच्या पानं लिहिली गेलीत, मी दोन ओळींत आटोपतो. रोसेलिनी हिला सोडून बर्गमनकडे गेला आणि तिला घेऊन स्त्रोंबोली या ज्वालामुखीच्या बेटावर सिनेमा करू लागला. हिने शेजारच्या बेटावर विल्यम डीटर्लेचा ‘व्हुल्कानो’ केला. फेब्रुवारी 1950 मध्ये ‘व्हुल्कानो’चा पहिला खेळ होता त्याच दिवशी बर्गमनला मुलगा झाला आणि पत्रकार तिकडे पळाले. सिनेमा साधारणच होता.

‘बेल्लिस्सिमा’वर मात्र मी रेंगाळणार. 1951, व्हिस्कोंती, मूळ कथा चेझारे झव्हात्तिनीची. माद्दालेना घरोघर इंजेक्शनं टोचून चार पैसे मिळवणारी रोमची बाई. चिनेचित्ता स्टुडिओत ‘सर्वांत सुंदर मुलगी’ निवडणार म्हणून ती आपल्या लहानग्या मारियाला घेऊन धडपडते: नाच शिकवणारी, फोटोवाला, शिवणारी, ओळख काढून देतो म्हणणारा भामटा. पोरगी साधी, बोबडी, रडवेली. गेली वीस वर्षं आपल्या वाहिन्यांवर जे बालकलाकार कार्यक्रम चालतात, त्यांच्या पडद्यामागच्या आया माद्दालेनात जशाच्या तशा दिसतात.

यातलं एक दृश्य आपल्या प्रश्नावर थेट बोलतं. माद्दालेना घरात नुसत्या परकरावर आरशापुढे केस विंचरतेय आणि स्वतःशी म्हणते, अशा अर्थाचं, की अखेर अभिनय म्हणजे काय? मी दुसरीच कुणी आहे असं धरलं की झाला अभिनय. आता थांबून विचार करा. एक कसलेली नटी, नटी नसलेल्या बाईचं सोंग घेऊन, आरशात बघत, अभिनय म्हणजे काय ते सांगतेय. आणि आपल्याला वाटतं ती ‘नुसती जगतेय’. व्हिस्कोंती मिश्कील माणूस होता. त्याने हा सापळा मुद्दाम लावलाय.

आणि दुसरं, प्रक्षेपणाच्या खोलीतलं. आई-लेक लपून पडद्यावर मारियाची चाचणी बघतात. पोर रडायला लागते आणि खाली बसलेली दिग्दर्शकाची माणसं खो खो हसतात. माद्दालेनाचा चेहरा काचेच्या चौकोनात आहे. आधी ती त्यांच्याबरोबर हसू बघते, आपल्यालाही विनोद कळतो असं दाखवायला. ओठ हलतात आणि अर्ध्यावर थांबतात. मग ती पोरीकडे बघते. इथे कुठेही रडणं नाही, मोठा आवाज नाही. ज्यांना मान्यानी म्हणजे आरडाओरडा वाटतो त्यांनी ही दोन मिनिटं बघावीत.

शेवटी मारियाची निवड होते आणि आई करारपत्र परत पाठवते. थकून अंथरुणात पडलेली असताना खालच्या अंगणातल्या सिनेमातून आवाज येतो, ती नवऱ्याला सांगते, ऐक, बर्ट लॅंकास्टर! तो आवाज अर्थात त्या हॉलिवूडच्या नटाचा नाही, कुणा इटालियन डबिंग कलाकाराचा आहे, कारण तिथे परदेशी सिनेमे डब होऊनच लागत. चारच वर्षांनी ती खऱ्या लॅंकास्टरसमोर उभी होती, आणि तेव्हा परक्या भाषेत बोलायची पाळी हिच्यावर होती.

ते कसं झालं? अमेरिकन नाटककार टेनेसी विल्यम्सने ‘द रोझ टॅटू’ हे नाटक तिला डोळ्यांपुढे ठेवून लिहिलं. 1951 मध्ये ब्रॉडवेवर तिने नकार दिला, इंग्रजी रोज रात्री निभवेल याची खात्री नव्हती. ती भूमिका मॉरीन स्टेपलटनने केली. मधल्या काळात ज्याँ रेन्वारच्या ‘सोन्याच्या बग्गी’त तिने इंग्रजीत काम करून पाहिलं. हा तोच रेन्वार, नुकताच बंगालमध्ये हुगळीकाठी सिनेमा करून परतलेला. इथे ती कामिल्ला, फिरत्या मुखवटा-नाटक मंडळीतली नटी, पेरूच्या व्हाइसरॉयपासून बैलांशी झुंजणाऱ्यापर्यंत तीन पुरुषांना झुलवणारी. रंगमंच कुठे संपतो आणि आयुष्य कुठे सुरू होतं, हा तिचा प्रश्न. म्हणजे रेन्वारने सरळ तिच्या नाट्यगृहातल्या हाडावरच बोट ठेवलं. वास्तववादाची देवी मानलेल्या बाईचा हा सगळ्यांत कृत्रिम, रंगीत, विवाल्दीच्या संगीतावर तरंगणारा सिनेमा. लोकांना तेव्हा तो रुचला नाही. मला तो तिच्या पहिल्या तिनांत वाटतो.

1955 मध्ये ‘द रोझ टॅटू’चा सिनेमा झाला, समोर तोच लॅंकास्टर, चित्रीकरण फ्लोरिडातल्या की वेस्टला. शिवणकाम करणारी सिसिलियन विधवा सेराफिना. 21 मार्च 1956 ला ऑस्कर जाहीर झाला तेव्हा ती रोममध्ये होती, बाहुली घेतली सहअभिनेत्री मारिसा पाव्हानने. अभिनयाचा ऑस्कर मिळवणारी ती पहिली इटालियन. पुढे जॉर्ज क्यूकरचा ‘वाइल्ड इज द विंड’ (1957): पुन्हा नामांकन, बर्लिन महोत्सवात ‘रौप्य अस्वल’ हा पुरस्कार. मग 1960 मध्ये सिडनी ल्युमेटच्या ‘द फ्युजिटिव्ह काइंड’मध्ये मार्लन ब्रॅंडोसमोर.

आणि इथेच दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर सुरू होतं. हॉलिवूडला तिच्याकडून एकच बाई हवी होती: काळ्या कपड्यातली, छाती बडवणारी, मोडकं इंग्रजी बोलणारी, आतून धगधगणारी इटालियन. तिची खरी ताकद रोमच्या बोलीत होती. रोमानेस्को ही बोली शब्द चावते, शेवट गिळते, शिवी आणि लाड एकाच स्वरात देते. अस्सल मालवणी माणसाला पुस्तकी मराठीत भांडायला लावा, मग कळेल. व्हिस्कोंतीने 1953 मध्ये एका सिनेमातल्या छोट्या भागात तिला टॅक्सीवाल्याशी कुत्र्याच्या भाड्याच्या एका लिरावरून भांडायला लावलं. पोलीस, अधिकारी, सगळे होतात. लिरा वाचवताना तिचा वेळ आणि कितीतरी जास्त पैसे जातात. गोष्ट एवढीशी, पण इंग्रजीतल्या तिच्या सगळ्या सिनेमांत मिळून जेवढा विनोद आहे त्याहून जास्त या तुकड्यात आहे. परक्या भाषेत तिला दुःख साधलं, विनोद हातातून गेला. अर्धी नटी गेली म्हणा ना.

मायदेशी परतावं तर तिथलं वारं बदललेलं. पन्नाशी उलटली होती. जीना लोल्लोब्रिजिदा, सोफिया लोरेन यांचा काळ होता. मोराव्हियाच्या कादंबरीवरच्या ‘ला चोचारा’त हिने आई आणि लोरेनने मुलगी करायची असा बेत होता. लोरेनची आई व्हायला हिने नकार दिला. आईची भूमिका लोरेनकडेच गेली, मुलगी वयाने लहान केली आणि लोरेन ऑस्कर घेऊन गेली. अहंकार म्हणा, मी म्हणतो, तिचा अंदाज चुकला नव्हता. चांगली उंच, तरुण लोरेन मुलगी म्हणून शेजारी उभी राहिली असती तर त्या सिनेमात बघायचं कुणाकडे, हे तिला नटी म्हणून कळत होतं. त्याच वर्षी, 1960 मध्ये, मारिओ मोनिचेल्लीने तिला आणि तोतोला ‘रिझाते दी जोया’त एकत्र आणलं, रिव्हिस्तातली जोडी पडद्यावर पहिल्यांदा आणि शेवटची. वर्षअखेरच्या रात्री रोममध्ये भटकणारे दोन उपरे. तेव्हा फारसा चालला नाही. आज बघताना मला तो तिच्या प्रसिद्ध सिनेमांपेक्षा जास्त हळवा करतो.

1962 चा ‘मम्मा रोमा’ हा पिएर पाओलो पासोलिनीबरोबरचा एकमेव. धंदा सोडून भाजीची गाडी लावणारी, पोराला ‘चांगल्या लोकांत’ बसवू पाहणारी बाई. रात्रीच्या रस्त्यावर ती बोलत चालत राहते, कॅमेरा मागे सरकत राहतो, अंधारातून माणसं येतात, चार पावलं सोबत करतात, जातात; तिची कहाणी चालूच. तिच्या रिव्हिस्ताचा सगळा कस या लांबलचक चालीत उतरलाय. तरीही पासोलिनीने नंतर म्हटलं की ती निवड फसली. का, ते समजण्यासारखं आहे. त्याला न शिकलेल्या माणसांचे चेहरे तुकड्यातुकड्याने टिपायचे असत: एक नजर, एक वाक्य, कट. मान्यानीला भावना उभी राहायला सलग वेळ लागे, चढ लागे, उतार लागे. ज्याला खरंच ‘नुसतं जगणारी’ बाई हवी होती, त्या दिग्दर्शकालाच ही फार नटी वाटली! वर्गातल्या त्या विधानाला याहून चांगलं उत्तर माझ्याकडे नाही.

त्यानंतर तिला तोलून धरणारा कॅमेरा फारसा मिळाला नाही. ती रंगमंचाकडे वळली: 1965 मध्ये झेफ्फिरेल्लीच्या दिग्दर्शनात व्हेर्गाची ‘ला लूपा’, पुढच्या वर्षी आनुईची ‘मेदेआ’. 1969 मध्ये अँथनी क्विनबरोबर एक हॉलिवूडपट. 1971 मध्ये आल्फ्रेदो जान्नेत्तीने दूरचित्रवाणीसाठी तिच्याबरोबर चित्रपटांची मालिका केली. त्यातला मास्त्रोयान्नीबरोबरचा भाग 26 सप्टेंबर 1973 च्या रात्री लागायचा होता आणि त्याच दिवशी स्वादुपिंडाच्या कर्करोगाने ती गेली. शेवटच्या दिवसांत रोसेलिनी परतून तिच्याजवळ होता. त्याच्या आदल्या वर्षी फेलिनीच्या ‘रोमा’त ती काही क्षण दिसते: रात्री घरी परतते आहे, फेलिनी पडद्यामागून विचारतो, एक प्रश्न विचारू? ती म्हणते, नको, माझा तुझ्यावर विश्वास नाही, शुभरात्री, आणि दार लावून घेते.

आता तुला बघायचा क्रमही सांगून ठेवतो: ‘रोमा, चित्ता आपेर्ता’ने सुरुवात करू नकोस. सगळे तिथून करतात आणि मग जन्मभर तिच्यात फक्त धावणारी पीना बघतात. आधी ‘तेरेसा व्हेनेर्दी’तली लोलेत्ता, मग ‘बेल्लिस्सिमा’, मग ‘लामोरे’चा टेलिफोन, त्यानंतर पीना. ‘सोन्याची बग्गी’ इंग्रजी आवृत्तीतच बघ, रेन्वारला तीच पसंत होती. बाकी सगळे मूळ इटालियनमध्ये, उपशीर्षकांसह. आणि एकदा उपशीर्षकं झाकून. भाषा कळणार नाही, तरी कुठे हशा पडायचा ते तुला बरोबर कळेल.